नवसाचे उंदीर

उंदीर मी जन्मभर हाताळलेत. म्हणजे प्लास्टरचे. हमरापूरला आमच्या गणपतीच्या कारखान्यात उंदीर वेगळे ओततात आणि मग मूर्तीच्या पायाशी चिकटवतात. हे चिकटवायचं काम बायकांचं. लग्न होऊन रोह्याहून आले तेव्हापासून मी तेच करत आले. अंग राखाडी, कान गुलाबी, हातात लाडू. गोजिरवाणा दिसतो मेला. पण खरा उंदीर लाडू धरून बसत नाय. तो मुततो. खातो तिथं मुततो, चालता चालता मुततो, झोपतो तिथंपण मुततो. हे आधीच सांगून ठेवते, कारण आमच्या घरातल्या पुरुषांना ते कधी आठवलंच नाय.

नवऱ्याचं नाव बाईनं घेऊ नये म्हणतात, पण न घेता गोष्ट कळायची नाय म्हणून एकदा घेते, पुंडलिक. साच्यात प्लास्टर ओतणारा, गप्प माणूस. दिवसाला दहा शब्द बोलले तर गंगेत घोडं न्हालं. ह्यांच्या वाटणीचं सगळं बोलणं थोरल्या भावाकडं गेलं, काळुराम, माझे भावजी. कारखाना त्यांच्या हुकमावर चालतो. मुंबई-पुण्याचे व्यापारी आले की भावजींची जीभ अशी सुटते की माणूस मूर्ती घ्यायला आला होता की कीर्तनाला, हे त्याचं त्यालाच कळू नये.

आणि माझा धनेश, एकुलता एक. आखणी त्याच्याकडं. आखणी म्हणजे मूर्तीचे डोळे काढायचे. सगळा रंग झाल्यावर शेवटी होते ती. तोपर्यंत बाहुला असतो, डोळे काढले की देव. धनेशनं डोळे काढले की बाप्पा आपल्याकडंच बघतोय असं वाटायचं. पेणच्या बाजारातले जुने कारागीरसुद्धा त्याच्या मागं उभे राहून बघायचे, आणि त्या लोकांना दुसऱ्याचं काम सहसा बघवत नाय.

तिशीच्या आतच त्याच्या दोन्ही किडन्या गेल्या. कशानं गेल्या ते कुणाला सांगता आलं नाय. तोंड सुजलं, पाय सुजले, अन्नावरची वासना गेली. मुंबईच्या मोठ्या दवाखान्यात आमच्या सगळ्यांची रक्तं तपासली आणि माझं जुळलं. मी बोलले, काढा. दिवाळी झाल्यावर ऑपरेशन केलं. माझी डावी किडनी त्याच्या पोटात बसवली आणि ती तिथं लगेच कामाला लागली. दुसऱ्या दिवशी मला खुर्चीत बसवून त्याच्या खाटेशी नेलं. नळीतनं लघवीची पिवळी धार पिशवीत पडत होती. ती बघून मी जेवढी रडले तेवढी त्याच्या जन्माला पण रडले नव्हते.

टाके सुकतात न सुकतात तोच धार आटली. डॉक्टरीणबाई तरुण होत्या, पण न कंटाळता समजवायच्या. शरीराचे पहारेकरी असतात, ते परकं ओळखतात आणि मारतात, बोलल्या. मी विचारलं, आईची किडनी परकी कशी? त्या बोलल्या, रक्ताला नातं कळत नाही. मला राग आला. नऊ महिने पोटात ठेवला तेव्हा माझ्या रक्तानं त्याला नाय मारला, आणि आता त्याचं रक्त मला मारायला निघालंय. पण राग कुणावर काढायचा? नेहमीची इंजेक्शनं देऊन झाली, पहारेकरी ऐकेनात. मग एक शेवटचं औषध उरलं होतं. परदेशातनं यायचं, सहज मिळत नव्हतं.

ते मिळवलं एलियासनं. एलियास म्हणजे रोह्याला माझ्या माहेराच्या भिंतीला भिंत लावून राहणारा. औषधांचं दुकान हाय त्याचं. बेने इस्रायली, म्हणजे कोकणातला ज्यू माणूस. शनिवारी घाणा बंद ठेवणारे तेली म्हणून आमच्याकडं जुनी माणसं त्यांना शनवारतेली म्हणायची. त्याचे भाऊ, पोरं, सगळी इस्रायलला गेली, हा एकटा दुकान धरून राहिला. लहानपणी आम्ही एका अंगणात खेळलो. मुंबईतल्या ओळखीच्या घाऊकवाल्याकडनं औषध सोडवून, बर्फाच्या डब्यात घालून, तो डबा मांडीवर घेऊन तो दवाखान्यात आला. घामानं निथळत होता.

औषधाचं नाव काही आमच्या जिभेवर बसेना. भावजींनी विचारलं, एवढं लांबलचक नाव कशाला ठेवलंय? एलियास बाकावर टेकला आणि त्यानं कुपीवरची अक्षरं बोटानं दाखवली.

"म्युरोमोनॅब. तुकडे करून वाचा म्हणजे सोपं हाय. म्युरो म्हणजे उंदराचं. मोन म्हणजे एकाच पेशीच्या वंशातलं, सगळं एकसारखं. अॅब म्हणजे अँटिबॉडी, शत्रूला जाऊन धरते ती. आणि पुढं सीडी-थ्री लिहिलंय तो पत्ता. रक्तातल्या कुठल्या पहारेकऱ्याला धरायचं त्याचा."

मी बोलले, "उंदराचं? माझ्या पोराच्या रक्तात उंदराचं घालणार?"

"घाण वाटते ना? वाटायलाच पायजे," एलियास बोलला. "नाव ठेवणाऱ्यांनी लपवलं नाय बघ. अशा औषधांच्या नावातच सांगायची पद्धत हाय, कुठल्या जनावराचं ते. देणारा आणि घेणारा दोघांनी ध्यानात ठेवावं म्हणून. आमच्या शास्त्रात मेला उंदीर शिवला तर संध्याकाळपर्यंत विटाळ. तरी मी हे मांडीवर घेऊन आलो. जीव वाचवायला सगळं चालतं, सगुणा. पण जीव वाचला म्हणून उंदराला पाटावर बसवायचं नसतं."

हे मी, भावजी आणि आमचे हे, आम्ही तिघांनी ऐकलं. एका बाकावर बसून, एका वेळी ऐकलं. आणि तिघांनी तीन वेगळ्या गोष्टी घरी नेल्या.

पहिलं इंजेक्शन दिलं आणि धनेशला अशी हुडहुडी भरली की खाट वाजायला लागली. दात कडकड, अंग तापलेलं, ओकाऱ्या. मी त्याचे पाय दाबून धरले होते. माझ्या कुशीतले टाके ताणत होते. मनात एकच येत होतं, एवढ्याशा बाटलीतला उंदीर माझ्या पोराला आतनं कुरतडतोय. डॉक्टरीणबाई बोलल्या, पहिल्या डोसला असं होतं, घाबरू नका. हे खिडकीशी उभे होते. समोरच्या भिंतीकडं तोंड करून ह्यांनी हात जोडले आणि मोठ्यानं बोलले. जन्मात पहिल्यांदा इतकं बोलले असतील.

"बाप्पा, तुझ्या उंदरानं माझं पोर वाचवलं, तर आमच्या कारखान्यात उंदराला कुणी बोट लावणार नाय. रोज त्याच्या पुढ्यात नैवेद्य ठेवीन."

पोर वाचलं. खोटं कशाला बोलू? रोज इंजेक्शन चालू राहिलं आणि मग एका सकाळी पिशवीत परत धार पडली. धनेश सुकून काडी झाला होता, पण हसला. बोलला, "आये, आता मांजर दिसलं की मला पळायला लागंल." आम्ही सगळे हसलो. त्या हसण्याची मला आता किळस येते.

घरी सोडताना डॉक्टरीणबाईंनी बजावलं होतं. ह्याचे पहारेकरी आम्ही औषधांनी गुंगवून ठेवलेत, जन्मभर ठेवायचे आहेत. म्हणजे ह्याच्या घराला दार नाही असं समजा. पाणी उकळून द्या, गर्दीत नेऊ नका, घाणीत पाय नको, जनावरं लांब ठेवा. मी ते सगळं पाठ केलं. औषधाचं नावही पाठ केलं, तुकडे करून. धुणं धुताना म्हणायचे.

आणि आमच्या कारखान्यात काय चाललं होतं? ह्यांनी सगळे पिंजरे भोगावती नदीत टाकून दिले. विषाच्या गोळ्या पुरल्या. दिवेलागणीला साच्यांच्या कोपऱ्यात गूळभाताची पितळी ठेवायला लागले. स्वतः हातपाय धुऊन ठेवायचे, मनापासून. ह्यांच्या भक्तीत खोट नव्हती. तिथंच तर माझे हात बांधले गेले.

भावजींची गोष्ट निराळी. त्यांना आयतं कोलीत मिळालं. दारावर पाटी लागली, 'मूषकराज प्रसन्न'. व्यापारी आला की त्याला चहा द्यायचा आणि सांगायला सुरुवात. "डोंगर पोखरून उंदीर निघतो म्हणतात, आमच्या उंदरानं मरणातनं पोरगा काढला." विलायतेत त्या औषधाचं नावच 'मूषकाचं वरदान' हाय, असंपण सांगायला लागले. उचलली जीभ लावली टाळ्याला. मग नवीन साचा केला. त्यात उंदीर बाप्पाच्या गुडघ्याएवढा. त्या मूर्तीची नोंदणी हातोहात व्हायला लागली, आणि तो भलाथोरला उंदीर चिकटवायला मीच.

उंदरांना नवस कळत नाय, पण गूळभात कळतो. शिमग्यापर्यंत ते दिवसाढवळ्या फिरायला लागले. लठ्ठ, तेलकट पाठीचे, शेपट्या करंगळीएवढ्या जाड. माणसाला बघून पळायचे नायत, थांबून बघायचे. काथ्याच्या गाठोड्यात पिल्लं घातली, लालभडक, कातडी नसल्यासारखी. पांढऱ्या रंगाच्या डब्यात लेंड्या तरंगायच्या, आम्ही त्या काडीनं काढून टाकायचो आणि तोच रंग बाप्पाच्या धोतराला द्यायचो. कच्च्या मूर्तींवर पिवळे ओघळ सुकलेले असायचे. दार उघडलं की तो वास यायचा, आंबूस, डोळ्यांत जाणारा. मला तिथं जेवण जाईना. बाहेर बांधावर बसून डबा खायचे आणि तरी घास तोंडात फिरायचा.

मी ह्यांना बोलले. एकदा नाय, रोज बोलले. डॉक्टरीणबाईंचे शब्द सांगितले, एलियासचे सांगितले. हे खाली मान घालून ऐकायचे. शेवटी एकदा बोलले, "नवस मोडला आणि पोराला काय झालं तर? तू सांग, मोडू का?" त्यावर कुठल्या आईच्या तोंडातनं हो निघंल? मनातनं मात्र ह्यांचा, भावजींचा आणि त्या पितळीचा, सगळ्यांचा मला वीट आला होता.

एकदा रोह्याला गेले तेव्हा एलियासच्या गोदामातली मांजर पिशवीत घालून आणली. चांगली उंदीरमारी मांजर. दोन दिवस कारखान्यात जरा सामसूम झाली. तिसऱ्या दिवशी मांजर नाय. भावजींनी ती धरमतरच्या जेटीवर नेऊन बार्जवर सोडली होती. मला बोलले, व्यापाऱ्यांपुढं मांजर फिरली तर गोष्टीचा इस्कोट होतो. गोष्टीचा इस्कोट. पोराचा झाला तर चालंल.

मग मी धनेशला उचलून रोह्याला माहेरी नेला. वहिनीनं एक खोली धुऊनपुसून दिली. एलियास रोज संध्याकाळी येऊन त्याच्या गोळ्या बघून जायचा. त्या गोळ्यांनी धनेशचे हात थरथरायचे. कपात चहा हिंदकळायचा. त्याला त्याचंच दुःख. जेवला नाय तरी चालंल, पण ब्रश हातात स्थिर राहायला पायजे. बसल्या बसल्या पाटीवर डोळे काढायचा आणि पुसायचा. मग त्यानं युक्ती काढली, डाव्या हातानं उजवं मनगट धरायचं. तसा डोळा काढला आणि मला दाखवला. सुरेख होता. पोरगा खुलला, आणि आता तो थांबणार नाय हे मला कळलं.

आषाढात भावजी टेम्पो घेऊन आलेच. मूर्ती सगळ्या आंधळ्या उभ्या हायत, बोलले, आणि व्यापारी धनेशचेच डोळे मागतायत. मी बोलले, मूर्ती इथं आणा, हा इथं डोळे काढील. ओल्या रंगाच्या मूर्ती भर पावसात रोह्यापर्यंत आणायच्या? भावजी हसले. धनेश माझ्याकडं बघत होता, लहानपणी जत्रेला जाऊ का विचारताना बघायचा तसा. मी काय करणार? त्याच्याबरोबर गेले.

निघताना एलियासनं त्याला गमबूट दिले, शेतात घालतात तसले, गुडघ्यापर्यंत. माझ्यादेखत त्याच्याकडनं कबूल करून घेतलं की कारखान्यात हे पायातनं काढायचे नायत. उंदराची लघवी पाण्यात मिसळते, पायाला भेग असली तर तेवढं दार पुरतं, असं त्यानं स्वच्छ सांगितलं. धनेश हो बोलला.

पण आमच्या कारखान्यात अनवाणीच जातात. डोळे उघडलेल्या बाप्पापुढं पायताण घालून जायचं नाय, ही माझ्या सासऱ्यांच्याही आधीपासूनची रीत. नाथा नावाचा आमचा एक गडी होता, पायात खिळा घुसलेला असतानापण चपलेशिवाय काम करायचा. धनेश गमबूट घालून दारात आला तर सगळ्यांचे हात थांबले. भावजी बोलले, "ज्यांचे डोळे तू काढणार त्यांच्यापुढं बूट घालून फिरणार?" मी भांडायला तोंड उघडलं. तेवढ्यात धनेशनंच खाली वाकून बूट काढले.

"असू दे गो आये," तो बोलला. "मलाच नाय जमायचं."

बूट दाराशी खिळ्याला टांगले. जमिनीवर पावलं बुडतील एवढं पाणी होतं. मागच्या भिंतीतनं आत येत होतं, जिथं उंदरांची बिळं होती तिथनंच. धनेशच्या टाचांना भेगा होत्या. मी रोज त्याचे पाय गरम पाण्यानं धुवायचे, खोबरेल लावायचे. एवढंच माझ्या हातात होतं.

त्याच दिवसांत दादरचा एक मोठा व्यापारी आला. भावजींनी धनेशला सदरा वर करायला लावला आणि पोटावरचा व्रण दाखवला. मग काय सुचलं कुणास ठाऊक, कोपऱ्यातली पितळी उचलून आणली. उंदरांनी उष्टावलेला गूळभात, त्यात दोन काळ्या लेंड्या मला लांबनं दिसत होत्या. मूषकराजाचा प्रसाद बोलले आणि घास धनेशच्या तोंडाशी नेला. व्यापारी हात जोडून उभा. मी धावत जाऊन भावजींच्या हातावर फटका मारला. भात पाण्यात पडला. थोरल्या दिरावर हात उचलला म्हणून गावभर माझी शोभा झाली. होऊ दे बोलले. मला वाटलं, मी पोराला वाचवलं. बाहेर येऊन ओकले आणि तरी मनात बरं वाटत होतं.

तो त्या वेळीपण त्या पाण्यातच उभा होता.

श्रावण लागला आणि धनेशला ताप आला. पोटऱ्या इतक्या दुखायच्या की चादर लागली तरी कण्हायचा. डोळे लाल झाले. भावजी बोलले, रंगाची भुकटी गेली असंल. पुढं ते डोळे पिवळे झाले. गावभराच्या बाप्पांना पांढरेशुभ्र डोळे देणाऱ्या पोराचे डोळे हळकुंडासारखे. पेणच्या डॉक्टरनं बघितलं मात्र, आणि लगेच मुंबईला न्यायची चिठ्ठी लिहिली.

मुंबईला डॉक्टरीणबाईंनी पहिलाच प्रश्न विचारला, घरात उंदीर आहेत का? भावजी छताकडं बघायला लागले. ह्यांची मान खाली.

"हायत," मी बोलले. "पाळलेत."

बाईंनी वर बघितलं. मग मी सगळं सांगितलं. पिंजरे, पितळी, अनवाणी पाय, सगळं. त्या रागावल्या नायत. रागावल्या असत्या तर बरं वाटलं असतं. त्यांच्या तोंडावर जे आलं ते मी ओळखलं. कारखान्याचं दार उघडताना माझ्या तोंडावर यायचं तेच ते.

उंदराच्या लघवीतनं येणारा रोग निघाला. आता रोगाशी लढायला पहारेकरी पायजेत, म्हणून त्यांना गुंगवणारी औषधं कमी केली. दुसरी औषधं सुरू केली. ताप उतरला, कावीळ ओसरली. पण जागे झालेले पहारेकरी रोगाला मारून थांबले नायत. त्यांनी माझी किडनी बघितली. परत लघवी आटली. करायला गेलो गणपती आणि झाला मारुती, तो असा.

हे बाईंच्या पाया पडायला निघाले. जमीन विकतो, घर विकतो, पण ते मागचं औषध परत द्या, उंदराचं, त्यानंच वाचवलं होतं, असं बोलून लहान पोरासारखे रडायला लागले. बाईंनी त्यांना खुर्चीत बसवलं.

"नाही देता येणार, बाबा. मागच्या वेळी त्याच्या शरीराला उंदीर माहीत नव्हता, म्हणून औषधाला काम करता आलं. पण त्या इंजेक्शनांनंतर त्याच्या रक्तानं उंदराविरुद्ध स्वतःची अँटिबॉडी तयार केली आहे. तपासणीत स्पष्ट दिसतंय. औषध आत गेलं की शरीर त्याला लगेच ओळखेल आणि निकामी करील. वर ह्यालाही अपाय होईल."

ह्यांना समजेना. परत परत तेच विचारायला लागले, शरीराला कसं कळलं, उंदराचं हाय ते शरीराला कुणी सांगितलं? बाई काही बोलायच्या आत मी बोलले. इतक्या महिन्यांचं साचलेलं होतं.

"त्याच्या रक्ताला एकदाच उंदीर दाखवला, तर त्यानं ओळखला आणि हाकलला. तुम्ही रोज बघत होतात. तुम्हाला नाय ओळखता आला."

माझी किडनी गेली. पोर राहिलं, मशीनवर. आता आठवड्यातनं दोनदा रक्त धुवायला मुंबईला न्यायचं. हाताला सुया टोचून टोचून गाठी झाल्यात. ते हात आता मनगट धरूनपण स्थिर राहत नायत.

त्या वेळी धनेश अजून दवाखान्यातच होता आणि आम्ही दोघं कपडे न्यायला हमरापूरला आलो. चतुर्थी तोंडावर आलेली. कारखान्यात मूर्ती उचलायला व्यापाऱ्यांची ही गर्दी. आम्ही दारात उभे, आणि आतनं भावजींचा आवाज येत होता. डोंगर, उंदीर, पोरगा, सगळं तेच. गोष्ट नळीत धार आली तिथं संपत होती. पुढचं नाय. एका पुण्याच्या व्यापाऱ्यानं मला बघितलं, ही त्या पोराची आई असं कुणीतरी सांगितलं असणार, आणि तो माझ्या पाया पडायला वाकला. बोलला, "माऊली, मूषकाचं वरदान तुमच्या घराला लाभलं."

मी पाय मागं घेतले. मला शिसारी आली, त्याची नाय, त्या शब्दाची.

"वरदान कुणी सांगितलं तुम्हाला?" मी बोलले. "म्युरो म्हणजे उंदराचं. मोन म्हणजे एकाच वंशाचं. अॅब म्हणजे धरणारी अँटिबॉडी. पुढं पत्ता. एवढंच नाव हाय. ह्यात देव कुठं हाय ते दाखवा मला. जपून राहा म्हणून ते नावात लिहिलं होतं, आणि आम्ही त्याची आरती केली. पोरगा मशीनवर हाय. भावजींनी ते सांगितलं का?"

व्यापारी भावजींकडं बघायला लागला. भावजी बोलले, सगुणाचं डोकं ठिकाणावर नाय, पोराच्या दुखण्यानं भ्रमिष्ट झालीय बिचारी. दोघं-तिघं मान हलवायला लागले. आणि मी वळून बघते तर हे माझ्या बाजूला नव्हते.

हे दाराशी खाली बसले होते. खिळ्यावरचे धनेशचे गमबूट काढून पायात घालत होते. ह्यांच्या पायाला ते लहान होते. दोन्ही हातांनी ओढून ओढून घातले. मग उठले आणि बूट घालून आत गेले, डोळे उघडलेल्या सगळ्या बाप्पांच्या मधनं, पाणी तुडवत. कोपऱ्यातली पितळी उचलली. तिच्यात एक उंदीर बसलेलाच होता, तोसुद्धा लगेच उतरला नाय. हे दारात आले आणि पितळी भातासकट बाहेर चिखलात भिरकावली.

"पुंडलिका, नवस हाय तो!" भावजी ओरडले.

"नवस मी बोललो होतो," हे बोलले. "किडनी हिची होती."

दुसऱ्या दिवशी ह्यांनी पेणच्या बाजारातनं पिंजरे आणि विष आणलं. पण आठ-नऊ महिने पोसलेली जात अशी जात नाय. कितीतरी मेले, सुपानं भरून आम्ही पुरले, तरी उरलेले अजून दिवेलागणीला त्या कोपऱ्यात येतात आणि पितळीच्या जागेवर बसून वाट बघतात. मी मूर्तीला प्लास्टरचा उंदीर चिकटवता चिकटवता त्यांच्याकडं बघते आणि थुंकते.